चरित्र भूमिकांवर जगायचे असेल तर

चित्रपटात नायक-नायिकेच्या आजूबाजूला वडील, सासू, फौजदार, वकील, मुनीम, हेडमास्तर अशी जी माणसे असतात, त्यांच्या भूमिका वर्षानुवर्षे करणाऱ्या नटाला आपल्याकडे चरित्र अभिनेता म्हणतात. गर्दीत उभे राहणारे ज्युनिअर आर्टिस्ट वेगळे. त्यांची संघटना, दर आणि कामाची पद्धत निराळी असते. चरित्र अभिनेत्याला पात्र मिळते, संवाद मिळतात आणि कथेच्या एखाद्या सांध्यावर त्याची गरज असते. ही कारकीर्द कशी उभी करावी आणि ती वीस-पंचवीस वर्षे कशी चालवावी, याविषयी मला जे ठाऊक आहे ते इथे लिहीत आहे. मी हौशी रंगभूमीवरून चित्रपटात आलो, पोस्टरवर माझा चेहरा आजवर आलेला नाही आणि तरीही घर याच कामावर चालले आहे. वाचताना हे लक्षात ठेवावे.

पहिले काम ओळखीने मिळू शकते, किंवा ठरलेला नट ऐनवेळी आजारी पडल्यामुळेही मिळू शकते. माझे तसेच मिळाले होते. पण त्याच दिग्दर्शकाकडून, त्याच कास्टिंग कार्यालयातून किंवा त्याच प्रॉडक्शन मॅनेजरकडून दुसऱ्यांदा फोन येतो, तेव्हा त्यामागे फक्त आपले काम असते. पुढे जे काही सांगणार आहे ते सगळे या दुसऱ्या फोनसाठी आहे.

आपल्याला कोण म्हणून बोलावतील

कास्टिंग करणाऱ्याच्या हातात पात्रांची यादी असते आणि तिच्यात ‘पंचावन्न ते साठ, ग्रामीण, सहकारी बँकेचा संचालक’ एवढेच लिहिलेले असते. त्या यादीतल्या कोणत्या ओळींत आपण बसतो हे आपल्याला त्यांच्याआधी कळायला हवे. आरसा याबाबतीत फारसा कामाचा नसतो, कारण आरशात प्रत्येकाला नायकच दिसतो. त्यापेक्षा आपल्याला न ओळखणाऱ्या चार-पाच माणसांना ‘मी काय काम करत असेन असे वाटते?’ असे सरळ विचारावे. मी हा प्रयोग एसटी स्टँडवरच्या कँटीनमध्ये केला होता. दोघांनी शिक्षक सांगितले, एकाने विमा एजंट, आणि चौथा गृहस्थ क्षणाचाही विचार न करता म्हणाला, ‘पतपेढीचे वसुली अधिकारी.’ तेव्हा मला राग आला होता. पुढे मी वसुली अधिकारी दोनदा केला, आणि दोन्ही वेळा ऑडिशनशिवाय.

आपली बोली पुसून टाकू नये. वऱ्हाडी, अहिराणी, मालवणी, कोल्हापुरी किंवा मराठवाड्याची बोली ज्याला घरातून मिळाली आहे, त्याच्याजवळ शहरी नटाला महिनाभराच्या सरावानेही न साधणारी गोष्ट आहे. मात्र प्रमाण मराठीही तितकीच सहज यायला हवी, नाहीतर जिल्हाधिकाऱ्याची भूमिका कायम दुसऱ्याकडे जाते. हिंदी चित्रपटात मराठी नटाच्या वाट्याला हवालदार, मोलकरीण आणि पक्षाचा कार्यकर्ता अजूनही वाजवीपेक्षा जास्त येतात, ही माझी जुनी तक्रार आहे. पण तिचा एक भाग आपल्या हिंदीमुळेही आहे. मराठीत आवाज पुल्लिंगी असतो आणि हिंदीत स्त्रीलिंगी, हे परीक्षेत सर्वांना येते, आणि कॅमेरा सुरू झाला की ‘मेरा आवाज’ तोंडातून निघून जाते. हिंदीत काम करायचे असेल, तर या एका दोषावर वर्षभर रोज पंधरा मिनिटे मोठ्याने वाचून मेहनत करावी.

वयाबद्दल लाज बाळगू नये. तिशीत डोक्यावरचे केस गेले म्हणून खचलेले नट मी पाहिले आहेत आणि त्याच टकलावर पुढे कारखान्याचे चेअरमन होऊन घर बांधलेलेही पाहिले आहेत. केस पिकू लागले तर लगेच कलप लावू नये. पिकलेले केस काळे करायला मेकअपदादाला थोडा वेळ लागतो, पण काळे केस खरे वाटतील असे पांढरे करणे त्याहून पुष्कळ अवघड असते. स्त्री कलावंतांच्या बाबतीत मात्र वयाचा हिशेब उघड अन्यायाचा आहे. रिमा लागू यांचा जन्म १९५८ चा आणि संजय दत्त यांचा १९५९ चा, तरी १९९९ च्या ‘वास्तव’मध्ये त्या पडद्यावर त्यांच्या आई झाल्या. रोहिणी हट्टंगडी तर १९९० च्या ‘अग्निपथ’मध्ये अमिताभ बच्चन यांच्या आईच्या भूमिकेत होत्या, आणि त्या त्यांच्याहून वयाने लहान आहेत. त्याच रोहिणीताईंनी ऐन तारुण्यात ‘गांधी’ चित्रपटात कस्तुरबांचे तरुणपणापासून म्हातारपणापर्यंतचे आयुष्य उभे केले आणि सहाय्यक अभिनेत्रीचा बाफ्टा पुरस्कार मिळवला. आईची भूमिका लवकर आली तर स्वीकारावी की नाही, याचे एक उत्तर नाही. पण स्वीकारलीच तर ‘मी खरे तर तरुण आहे’ असे चेहऱ्यावर ठेवून करू नये, कारण ते पडद्यावर दिसते.

तालीम आणि पोट

पुण्याची फिल्म इन्स्टिट्यूट, दिल्लीचे राष्ट्रीय नाट्य विद्यालय, पुणे विद्यापीठाचे ललित कला केंद्र, मुंबई विद्यापीठाची थिएटर आर्ट्सची अकादमी या संस्थांत प्रवेश मिळाला तर तो सोडू नये. न मिळाला तर राज्य नाट्य स्पर्धा, पुरुषोत्तम करंडकासारख्या एकांकिका स्पर्धा आणि प्रायोगिक नाटके हीच शाळा समजावी. तिथे पाठांतर पक्के होते, वेळ पाळायची सवय लागते आणि दुसऱ्याचे वाक्य चालू असताना रंगमंचावर काय करायचे हे अंगी बाणते. चरित्र अभिनेत्याचा पडद्यावरचा बराचसा वेळ दुसऱ्याचे वाक्य ऐकण्यात जातो, म्हणून तिसरी गोष्ट मी सर्वांत महत्त्वाची मानतो.

रंगभूमीवरून येताना आवाज आणि भुवया आटोक्यात आणाव्या लागतात. त्यासाठी मोबाइल स्टुलावर चार फुटांवर ठेवून एकच वाक्य तीन मापांनी म्हणून पाहावे: शेवटच्या रांगेसाठी, समोर बसलेल्या माणसासाठी आणि शेजारी झोपलेले मूल जागे होऊ नये अशा बेताने. नाटकातल्या बहुतेकांना तिसरे माप सुरुवातीला अभिनयच वाटत नाही, आणि क्लोजमध्ये, म्हणजे चेहरा अगदी जवळून टिपताना, बहुधा तेच चालते.

पोटाची सोय आधी करावी. ए. के. हनगल पन्नाशीच्या आसपास हिंदी चित्रपटात आले, आणि त्याआधी त्यांनी शिवणकाम करून इप्टा या नाट्यसंस्थेची नाटके केली. डॉ. श्रीराम लागू कान-नाक-घशाचे शल्यचिकित्सक होते आणि चाळिशी ओलांडल्यावर, १९६९ मध्ये, पूर्णवेळ नट झाले. निळू फुले पुण्याच्या सैनिकी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम करत होते. मराठी रंगभूमीची एक अख्खी पिढी बँका, विमा महामंडळ आणि सरकारी कचेऱ्या सांभाळून उभी राहिली. आज रजा देणारी तशी नोकरी दुर्मीळ झाली आहे, म्हणून डबिंग, शिकवण्या, अनुवाद, भाड्याची गाडी असे, वेळ आपल्या हातात ठेवणारे, एखादे काम धरून ठेवावे. वर्षभराचा घरखर्च हाताशी असल्याशिवाय मुंबईत मुक्काम हलवू नये. पैशाची निकड असलेला नट ऑडिशनमध्ये जास्त अभिनय करतो, आणि समोरच्याला ते लगेच कळते.

काम शोधताना

अंधेरी पश्चिमेला वर्सोव्याच्या बाजूला आराम नगर नावाची बैठ्या घरांची वसाहत आहे. तिथे कास्टिंगची कार्यालये दाटीने आहेत आणि ऑडिशनच्या रांगाही लागतात. एके काळी तिथे रोज चक्कर मारणे हाच उद्योग असे. आता पहिली चाळणी बहुधा सेल्फ टेपवर, म्हणजे घरी स्वतःच चित्रित करून पाठवलेल्या ऑडिशनवर, होते, त्यामुळे नांदेडच्या किंवा मडगावच्या माणसालाही दार थोडे उघडले आहे.

फोटो चार पुरेत: समोरून, दोन्ही बाजूंनी आणि पूर्ण उंचीचा, साध्या कपड्यांत, दिवसाच्या उजेडात आणि गेल्या सहा महिन्यांतला. फोटोत दाढी आणि प्रत्यक्षात तुळतुळीत गाल, असे झाले की समोरच्याचा अर्धा दिवस वाया जातो आणि तो आपले नाव लक्षात ठेवतो, पण नको त्या कारणासाठी. सेल्फ टेपसाठी मागे साधी भिंत असावी, पंखा बंद असावा आणि मोबाइल सांगितल्याप्रमाणे, न सांगितल्यास आडवा धरावा. आधी नाव, वय, उंची, राहण्याचे ठिकाण आणि मोकळ्या तारखा सांगाव्यात, दोन्ही बाजू आणि हात दाखवावेत आणि मग प्रसंग करावा. समोरची वाक्ये वाचणाऱ्याने कॅमेऱ्याच्या अगदी लगत उभे राहून ती सपाट वाचावीत. माझ्या पुतण्याने एकदा खलनायकाची वाक्ये इतकी रंगवली की कार्यालयातून ‘तो दुसरा आवाज कोणाचा?’ अशी विचारणा आली. दोनच टेक पाठवावेत, आणि ते एकमेकांपासून स्पष्ट वेगळे असावेत.

नोंदणी, फोटोशूट, ‘कलाकार कार्ड’ किंवा निवडीची हमी यासाठी कोणी पैसे मागितले की तिथून उठावे. ऑडिशनचे पैसे खरा कास्टिंग डायरेक्टर नटाकडून घेत नाही. त्याला ते निर्मात्याकडून मिळतात. ऑडिशन कार्यालयात आणि दिवसाउजेडी असावे. हॉटेलच्या खोलीचा किंवा रात्रीच्या भेटीचा निरोप आला तर जाऊ नये, आणि गेले नाही म्हणून काम हातचे गेले तर त्याची हळहळही बाळगू नये.

पाठपुराव्यालाही रीत असते. दोन-तीन महिन्यांनी एखादा छोटा निरोप, नव्या कामाचा तुकडा किंवा प्रयोगाचे आमंत्रण पुरेसे आहे. रोज सकाळी फुलांच्या चित्रासह सुप्रभात पाठवणाऱ्या नटाचा नंबर म्यूट होतो. चांगल्या नाटकाचे आमंत्रण मात्र वाया जात नाही. सदाशिव अमरापूरकरांना गोविंद निहलानी यांनी रंगमंचावर पाहिले होते, आणि त्यानंतर १९८३ च्या ‘अर्धसत्य’मधल्या मोजक्या प्रसंगांच्या खलभूमिकेने त्यांना सहाय्यक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार मिळवून दिला.

सहा वाक्यांचा तलाठी

भूमिकेची तयारी कशी करावी हे उदाहरणाशिवाय सांगता येत नाही. मला एकदा तलाठी मिळाला होता. नायक वडिलांच्या मृत्यूनंतर वारसाची नोंद करायला येतो, तलाठी त्याला कागद कमी असल्याचे सांगून परत पाठवतो, एवढाच प्रसंग होता. माझी सहा वाक्ये होती आणि त्यांतली दोन ‘पुढच्या आठवड्यात या’ हीच होती.

पहिल्या वाचनात मला तलाठी लाचखाऊ वाटला, आणि तसाच तो सगळ्यांना वाटतो, म्हणून मी ते बाजूला ठेवले. मग आमच्या तालुक्यातल्या एका सज्जावर, म्हणजे तलाठ्याच्या कचेरीत, दोन सकाळी नुसता बसून राहिलो. तिथल्या तलाठ्याने आलेल्या माणसाकडे पहिली दोन-तीन वाक्ये पाहिलेच नाही. त्याची नजर हातातल्या कागदावर होती आणि उत्तर बिनचूक होते. माणसाचे नाव विचारण्याआधी तो जमिनीचा गट नंबर विचारत होता. पान उलटताना बोट जिभेला लावत नव्हता, टेबलावरच्या ओल्या स्पंजला लावत होता. आणि कागद परत देताना तो स्वतः हात लांब करत नव्हता. कागद टेबलाच्या कडेपर्यंत सरकवून ठेवत होता, म्हणजे समोरच्याला वाकून तो घ्यावा लागे. त्याच्याकडे वाईटपणा काही नव्हता. त्याच्याकडे त्या दिवशी चाळीस माणसे यायची होती, इतकेच.

कथा कोणत्या सालातली आहे, हे मी सहायक दिग्दर्शकाला विचारून घेतले. आजची असती तर टेबलावर लॅपटॉप आणि प्रिंटर आला असता आणि माझे हात वेगळे चालले असते. ती ऐंशीच्या दशकातली होती, म्हणून कलाविभागाला जाड नोंदवही आणि स्पंजची वाटी असेल का, असे आदल्या दिवशीच विचारले. सेटवर येऊन ऐनवेळी वस्तू मागणारा नट कलाविभागाला नकोसा होतो. आदल्या दिवशी विचारणाऱ्यासाठी ते शोधून आणतात.

पात्राला घर द्यावे, पण ते कोणाला सांगत बसू नये. माझ्या तलाठ्याच्या मुलीची त्या दिवशी दहावीची परीक्षा होती आणि त्याला लवकर निघायचे होते. हे पटकथेत कुठेही नव्हते, पण त्यामुळे दोन ‘पुढच्या आठवड्यात या’ वेगवेगळी झाली. पहिले सवयीचे आणि दुसरे घड्याळाकडे नजर टाकून. दिग्दर्शकाने घड्याळाकडे पाहणे ठेवले आणि कागद सरकवण्याचा वेगळा शॉट घेतला. आणखी काही सुचले असते तरी मी केले नसते. प्रसंग नायकाच्या अपमानाचा होता; तलाठी फारच मनोरंजक झाला असता तर प्रेक्षक अपमान विसरून तलाठी पाहत बसले असते, आणि संकलनात माझा प्रसंग निम्मा कापला गेला असता.

सेटवर

कॉल टाइम सातचा असेल तर पावणेसातला पोहोचावे आणि आल्याचे सहायक दिग्दर्शकाला सांगावे. मग वाट पाहावी लागते, कधी चार तास, कधी पूर्ण दिवस. गोरेगावची चित्रनगरी असो, नायगावचा सेट असो किंवा वाईचा घाट, या वाट पाहण्यातच नटाची खरी परीक्षा होते असे मला वाटते. दुपारच्या जेवणानंतर डुलकी काढून सुजलेल्या डोळ्यांनी सकाळच्या प्रसंगाचा उरलेला भाग करायला उभे राहिलेले नट मी पाहिले आहेत. पोट हलके ठेवावे, कपड्यांना इस्त्री मोडेल असे बसू नये, आणि पात्राच्या चपला किंवा बूट मिळाल्याबरोबर घालून फिरावे, म्हणजे नव्या वहाणांची करकर चालण्यात दिसत नाही.

आधी मास्टर शॉट, म्हणजे अख्खा प्रसंग दुरून एका दमात, होतो, मग अँगल बदलून सजेशन, म्हणजे एकाच्या खांद्यावरून दुसऱ्यावर घेतलेला शॉट, आणि क्लोज. मास्टरमध्ये जे केले तेच पुढच्या प्रत्येक शॉटमध्ये, त्याच शब्दावर करावे लागते. चहाचा कप ‘वारसाची’ या शब्दावर उचलला आणि ‘नोंद’ म्हणून झाल्यावर ठेवला, असे असेल तर पुढच्या प्रत्येक शॉटमध्ये ‘वारसाची’ या शब्दावरच कप उचलला गेला पाहिजे, त्याच हाताने आणि तितकाच भरलेला. ही कंटिन्युइटी, म्हणजे शॉटमागून शॉट सगळे जुळते आहे का, हे पाहायला सहायक असतात, पण त्यांच्यावर विसंबू नये. संकलकाला तुकडे जुळवताना ज्याचा कप जुळत नाही, त्याचा शॉट तो टाळतो, आणि असे टाळलेले शॉट चरित्र अभिनेत्याचेच असतात; नायकाचा कप जुळला नाही तरी शॉट ठेवावाच लागतो. म्हणून सुरुवातीच्या काळात हातात वस्तू कमीत कमी घ्याव्यात. पुरी-भाजी खाता खाता संवाद म्हणण्याची हौस मी एकदाच केली. अकरा टेक झाले, अकरा पुऱ्या झाल्या.

सजेशनमध्ये आपला फक्त खांदा दिसत असतो आणि कॅमेरा समोरच्या नटावर असतो. तिथे खांदा स्थिर ठेवावा, वाक्ये मात्र पूर्ण जिवानिशी द्यावीत. समोरच्याच्या क्लोजसाठी आपण फ्रेममध्येही नसतो, तेव्हा काही नट मोबाइलकडे जातात आणि क्यू, म्हणजे समोरच्याला उत्तर देण्यासाठी लागणारे आपले वाक्य, सहायक वाचतो. तसे करू नये. थांबून क्यू द्यावा, लेन्सच्या शक्य तितके जवळ उभे राहून, म्हणजे त्याला लूक, म्हणजे नजरेची दिशा, योग्य मिळतो. मोठा नट आपल्या क्लोजला थांबेल अशी अपेक्षा ठेवू नये. काही थांबतात, काही व्हॅनिटीत जातात, आणि मग टेपच्या चिकटपट्टीच्या फुलीकडे पाहून रडता यावे लागते. घरी भिंतीवर फुली लावून याचा सराव करावा.

समोरच्याचे वाक्य संपण्याआधी आपले सुरू करू नये, विशेषतः क्लोजमध्ये, कारण दोन आवाज एकमेकांवर चढले तर ध्वनिमुद्रकाला ते सोडवता येत नाहीत. मार्क, म्हणजे उभे राहण्याच्या जागेची जमिनीवरची खूण, न पाहता पायाने ओळखण्याची सवय करावी. दिग्दर्शकाला सूचना देऊ नयेत. प्रश्न विचारावा, तोही एकच आणि तालमीच्या वेळी. स्पॉटदादा, ड्रेसदादा, मेकअपदादा यांना नावाने ओळखावे. यात मोठेपणाचा भाग नाही. पुढच्या चित्रपटावर हीच माणसे असतात, आणि ‘तो नट कसा आहे?’ असे प्रॉडक्शन मॅनेजर विचारतो तेव्हा तो त्यांनाच विचारतो.

पैसे, नाव आणि कागद

मानधन दिवसावर असते किंवा पूर्ण भूमिकेचे एकरकमी. दिवसावर असेल तर शिफ्ट किती तासांची, बारा तासांवर गेल्यास काय, आणि शूटिंग रद्द झाल्यास दिवस धरला जाणार का, हे आधी विचारावे. एकरकमी असेल तर त्यात किती दिवस गृहीत आहेत आणि डबिंग व पॅचवर्क, म्हणजे राहिलेल्या तुकड्यांचे नंतरचे चित्रीकरण, धरले आहे का, हे लिहून घ्यावे. प्रवास आणि मुक्कामाचा खर्च वेगळा ठरवावा. व्हॉट्सॲपवरचा निरोप करारपत्राइतका भक्कम नसतो, पण तोंडी बोलण्यापेक्षा कितीतरी बरा. ठरलेले सगळे एका निरोपात लिहून ‘असे ठरले आहे, कृपया कळवावे’ असे पाठवावे आणि उत्तर जपून ठेवावे.

मालिकांच्या व्यवहारात पैसे नव्वद दिवसांनी मिळण्याची रीत आहे, म्हणजे चैत्रातल्या कामावर आषाढात घर चालते. चित्रपटात शेवटचा हप्ता डबिंगआधी मागावा. डबिंग झाल्यावर निर्मात्याला नटाची गरज उरत नाही. माझे एका चित्रपटाचे दोन हप्ते असेच बुडाले आणि आजही बुडालेलेच आहेत. थकबाकीच्या तक्रारीसाठी हिंदी आणि दूरचित्रवाणी क्षेत्रात सिंटा, म्हणजे सिने अँड टीव्ही आर्टिस्ट्स असोसिएशन आहे. तिची सुरुवात चरित्र कलावंतांची संघटना म्हणूनच झाली होती. मराठीसाठी कोल्हापूरच्या अखिल भारतीय मराठी चित्रपट महामंडळाचे सभासद व्हावे. वाद उभा राहण्याआधीच सभासदत्व घेतलेले बरे. मानधनातून दहा टक्के टीडीएस, म्हणजे आगाऊ आयकर, कापला जातो. विवरणपत्र न भरल्यामुळे ही रक्कम कायमची सोडून देणारे नट कमी नाहीत. वर्षाचे उत्पन्न २० लाखांवर गेले तर जीएसटीची नोंदणी लागते. भविष्यनिर्वाह निधी आणि आजारपणाची सोय आपली आपणच करायची असल्यामुळे आरोग्यविमा पहिल्या वर्षीच घ्यावा.

श्रेयनामावलीत नाव येणे हा मानापमानाचा विषय समजला जातो, पण त्याला कायद्याची बाजूही आहे. २०१२ च्या दुरुस्तीनंतर स्वामित्व हक्क कायद्याने कलाकाराचे हक्क स्पष्ट केले आहेत. आपली ओळख नमूद केली जावी आणि आपल्या कामाची विकृती होऊ नये, हे दोन्ही त्यात येतात, आणि कलाकाराचा हक्क पन्नास वर्षे टिकतो. परंतु ज्याचे चित्रपटातले काम किरकोळ किंवा आनुषंगिक आहे आणि ज्याचे नाव रिवाजाप्रमाणे श्रेयनामावलीत येत नाही, त्याला हा कायदा, विकृतीविरुद्धचा हक्क सोडल्यास, कलाकारच मानत नाही. म्हणून नाव येणार का, ते कसे लिहिले जाणार आणि शुद्धलेखन कोण पाहणार, हे करारात असावे. माझ्या आडनावातला ‘ळ’ दोन चित्रपटांत ‘ल’ झाला आहे.

साचा

एकदा फौजदार केला की पुढचे चार फोन फौजदाराचेच येतात. जगदीश राज यांनी १४४ चित्रपटांत पोलीस अधिकारी केला आणि त्याची गिनीजमध्ये नोंद झाली. साच्याला सरसकट नावे ठेवणे मला पटत नाही, कारण तो भाडे भरतो. पहिली पाच-सात वर्षे तो मुकाट्याने स्वीकारावा, पण प्रत्येक फौजदाराची एक गोष्ट तरी वेगळी करावी: एकाला पित्ताचा त्रास, एकाची बदली होऊ घातलेली, एकाला आपल्या हाताखालच्या हवालदाराची भीती.

निळूभाऊंना गावोगावच्या बायका खरोखरीचा खलपुरुष समजत, आणि प्रत्यक्षात ते राष्ट्र सेवा दलाचे कार्यकर्ते होते. त्यांनीच १९७९ च्या ‘सिंहासन’ चित्रपटात पत्रकार दिगू टिपणीस केला, आणि तो माणूस जवळजवळ संपूर्ण चित्रपटभर फक्त पाहतो आणि ऐकतो. सत्तेचा खेळ आपल्याला कळतो तो त्याच्या चेहऱ्यावरून. चरित्र अभिनेत्याने वर्षातून एकदा तरी तो चित्रपट पाहावा असे मी सुचवीन. ललिता पवारांच्या चेहऱ्याला चित्रीकरणातल्या एका थपडेने लकवा झाला, डावा डोळा अधू झाला आणि नायिकेची कामे थांबली. त्यानंतर त्यांनी चरित्र भूमिकांत जी दहशत उभी केली, ती तीन पिढ्यांच्या सुनांच्या ओळखीची आहे.

साचा मोडायचा असेल तर निर्मात्याला विनवून उपयोग होत नाही, कारण त्याने आपल्याला दुसऱ्या रूपात पाहिलेलेच नसते. ते रूप आधी कुठेतरी दिसले पाहिजे. प्रायोगिक नाटकात, विद्यार्थ्यांच्या लघुपटात किंवा स्वतः टेप केलेल्या एखाद्या प्रसंगात. फिल्म इन्स्टिट्यूटच्या मुलांच्या लघुपटात बिनपैशांचे काम करायला मी आजही जातो. नकार द्यायचा असेल तर तो त्याच दिवशी, कारण न लांबवता आणि जमल्यास दुसऱ्या नटाचे नाव सुचवून द्यावा. ‘कळवतो’ म्हणून चार दिवस टांगून ठेवलेला नकार कास्टिंगवाले विसरत नाहीत. मात्र एकदा तारीख दिली की मोठे काम आले म्हणून ती मोडू नये.

वही

मी प्रत्येक कामाची वहीत एक ओळ लिहितो: तारीख, चित्रपट, पात्र, दिवस, ठरलेले पैसे, आलेले पैसे, टीडीएस, डबिंग कधी, नाव कसे लागले. पॅकअपनंतर कपडे मोजून ड्रेसदादाच्या हातात दिले, दिग्दर्शकाला सांगून निघालो की रिक्षातच ही ओळ भरतो, कारण घरी पोहोचेपर्यंत निम्मे विसरते. शेवटचा रकाना ‘पुन्हा बोलावले का’ असा आहे आणि तो बहुतेक वेळ कोराच राहतो. तलाठ्याच्या ओळीपुढे तो अकरा महिने कोरा होता. बाराव्या महिन्यात त्याच कार्यालयातून फोन आला. सरपंच होता, नऊ दिवस, साताऱ्याजवळ, आणि फोनवरच्या मुलीने विचारले, ‘सर, त्या वेळी तुम्ही स्पंज मागितला होता ना? या वेळी काय लागेल तेही आधीच सांगाल का?’